ली-यंग ली यांचं आयुष्य आणि कविता : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अमेरिकेत मुलाच्या शाळेच्या पुस्तकात एखादी कविता भेटते आणि आईवडील विचारतात, हे कोण? इंग्रजी साहित्याचे विद्यार्थी विचारतात, सुरुवात कुठून करू? कुणी विचारतं, चिनी माणूस इंग्रजीत लिहितो तर त्यात चिनी काय उरतं? असे पुन्हा पुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र घेतले आहेत. ज्या प्रश्नात जीव आहे त्याचं उत्तर लांबलं आहे, बाकीची थोडक्यात आटोपली आहेत.

ली-यंग ली कोण आहेत?

१९५७ साली इंडोनेशियातल्या जकार्ता शहरात चिनी आईवडिलांच्या पोटी जन्मलेले, १९६४ साली लहान वयात अमेरिकेत पोचलेले आणि इंग्रजीत लिहिणारे कवी. गेली कित्येक वर्षं ते शिकागोत राहतात. पहिला संग्रह ‘रोझ’ १९८६ साली आला. त्यानंतर आणखी पाच संग्रह आणि आठवणींचं एक गद्य पुस्तक.

त्यांची ओळख बहुतेक ठिकाणी ‘स्थलांतरित कवी’ अशी करून दिली जाते. ती चूक नाही, पण अपुरी आहे. मला विचाराल तर ली हे सर्वांत आधी मुलगा या नात्याने लिहिणारे कवी आहेत. देश सुटला, भाषा सुटली, या गोष्टी त्यांच्या कवितेत येतात त्या वडिलांच्या हातातून, आईच्या केसांतून, ताटातल्या माशातून. हे धरून वाचलं की बाकीचं आपोआप उलगडत जातं.

जन्म जकार्ताचा, मग ते चिनी कसे?

आईवडील दोघेही चीनमधले. आईकडून ते युआन शिकाय यांचे पणतू लागतात. युआन शिकाय म्हणजे १९११च्या क्रांतीनंतर चिनी प्रजासत्ताकाचे अध्यक्ष झालेले आणि पुढे १९१५-१६मध्ये स्वतःला सम्राट म्हणून घोषित करू पाहणारे सेनानी. वडील डॉक्टर. काही काळ ते माओ त्से-तुंग यांचे खाजगी वैद्य होते, असं ली यांच्या जवळजवळ प्रत्येक परिचयात नोंदलेलं असतं. एका बाजूला जुन्या सत्तेचं घराणं, दुसऱ्या बाजूला नव्या सत्तेच्या इतकं जवळचं काम. चीनमध्ये राहणं अवघड झालं आणि कुटुंब इंडोनेशियात गेलं. तिथे वडिलांनी जकार्तातल्या गमालिएल विद्यापीठाच्या स्थापनेत भाग घेतला.

मग इंडोनेशिया का सोडावा लागला?

पन्नासच्या दशकाच्या अखेरीला इंडोनेशियात चिनी लोकांविरुद्ध वातावरण तापलं होतं. १९५९मध्ये राष्ट्राध्यक्ष सुकार्नो यांच्या सरकारने ग्रामीण भागातल्या किरकोळ व्यापारातून परदेशी नागरिकांना बाहेर काढणारा हुकूम काढला. त्याचा फटका बसला तो मुख्यतः चिनी दुकानदारांना. खेडोपाडी पिढ्यान्‌पिढ्या दुकान चालवणाऱ्या माणसांवर गाव सोडायची वेळ आली.

ली यांच्या वडिलांना सुकार्नोंच्या राजवटीत राजकीय कैदी म्हणून तुरुंगात टाकण्यात आलं. सुटका झाल्यावर १९५९ साली कुटुंबाने देश सोडला. पुढची पाच वर्षं हाँगकाँग, मकाव, जपान अशी फिरण्यात गेली. हाँगकाँगमध्ये वडील ख्रिस्ती प्रवचनं करत आणि ती ऐकायला मोठी गर्दी जमत असे. १९६४ साली सगळे अमेरिकेत पोचले.

म्हणजे ज्या वयात आपल्याकडची मुलं अंगणवाडीतून पहिलीत जातात, त्या वयापर्यंत या मुलाने किती बंदरं पाहिली होती ते बघा. आणि वडिलांना घरातून नेलं गेलं, ही गोष्ट त्याच्या अगदी सुरुवातीच्या आठवणींशी जोडलेली आहे.

अमेरिकेत हे कुटुंब कुठे राहिलं?

पेनसिल्वेनिया राज्यात, पिट्सबर्गजवळच्या व्हँडरग्रिफ्ट नावाच्या छोट्या पोलाद-गावात. वडिलांनी धर्मशास्त्राचं शिक्षण घेतलं आणि तिथल्या प्रेस्बिटेरियन (प्रोटेस्टंट ख्रिस्ती पंथाच्या) चर्चचे पाद्री झाले. माओंचा डॉक्टर, सुकार्नोंचा कैदी, हाँगकाँगचा प्रवचनकार आणि शेवटी पेनसिल्वेनियातल्या गोऱ्या वस्तीचा पाद्री. एकाच माणसाने ही सगळी आयुष्यं जगली, आणि ती सगळी त्याच्या मुलाच्या कवितेत आली.

त्या काळात चिनी लोकांना अमेरिकेत यायला अडचण नव्हती का?

होती, आणि ती कायद्याने होती. १८८२च्या कायद्याने चिनी मजुरांना अमेरिकेचं दार बंद झालं. तो कायदा १९४३मध्ये, चीन दुसऱ्या महायुद्धात मित्रराष्ट्र असताना रद्द झाला, पण तेव्हाही वर्षाला जेमतेम १०५ चिनी लोकांना प्रवेश मिळेल एवढाच कोटा ठेवला गेला. वंश आणि मूळ देश पाहून ठरणारी ही कोटापद्धत मोडली १९६५च्या कायद्याने. आज अमेरिकेत स्थिरावलेली बहुसंख्य मराठी कुटुंबंही त्याच कायद्यानंतर तिथे गेली. ली कुटुंब पोचलं ते त्याच्या आदल्या वर्षी. गावात आपल्यासारखा चेहरा दुसरा नाही, अशा परिस्थितीत त्यांची मुलं शाळेत जाऊ लागली. ‘पर्सिमन्स’ या कवितेतला शाळेचा वर्ग समजून घ्यायला हे लक्षात ठेवावं लागतं.

नावात दोनदा ली का? आडनाव कोणतं?

शेवटचं ली हे आडनाव. ली-यंग हे पाळण्यातलं नाव. चिनी रिवाजाप्रमाणे आडनाव आधी येतं, पण ते अमेरिकी पद्धतीने लिहितात. त्यांच्या चित्रकार भावाचं नाव ली-लिन ली आहे, त्यावरून जोडी लक्षात येईल.

कवितेकडे ते कसे वळले?

घरात कविता होतीच. वडील मुलांना तांग काळातल्या (सातवं ते दहावं शतक) चिनी कविता म्हणून दाखवत आणि बायबल वाचून घेत, पाठ करून घेत. पण स्वतः लिहायची वाट सापडली ती पिट्सबर्ग विद्यापीठात. तिथे कवी जेरल्ड स्टर्न शिकवत होते. ‘रोझ’ला प्रस्तावना स्टर्न यांचीच आहे. १९८९ साली पत्रकार बिल मॉयर्स यांनी अमेरिकी सार्वजनिक टीव्हीसाठी कवितेवर मालिका केली, त्यात हे गुरुशिष्य एकाच भागात दिसले.

पुढे त्यांनी ॲरिझोना आणि न्यूयॉर्क राज्यातल्या ब्रॉकपोर्ट इथेही थोडा काळ शिक्षण घेतलं आणि मग शिकागोत घर केलं. वडील १९८० साली गेले. पहिला संग्रह त्यानंतर सहा वर्षांनी आला, आणि त्या संग्रहात वडिलांच्या जाण्याची सावली नाही असं पान शोधावं लागतं.

सुरुवात कोणत्या पुस्तकापासून करावी?

‘रोझ’. दुसरा विचार करू नका. पुस्तक लहान आहे, भाषा साधी आहे, बारावीपर्यंतचं इंग्रजी पुरतं. त्यातल्या ‘द गिफ्ट’, ‘पर्सिमन्स’, ‘ईटिंग टुगेदर’, ‘ईटिंग अलोन’, ‘आय आस्क माय मदर टू सिंग’ आणि ‘फ्रॉम ब्लॉसम्स’ या कविता आधी वाचा. त्यानंतर १९९०चा ‘द सिटी इन व्हिच आय लव्ह यू’ घ्या. शेवटच्या पुस्तकांपासून सुरुवात केलीत तर दार लवकर उघडणार नाही.

‘पर्सिमन्स’ ही कविता इतकी गाजली, ती कशामुळे?

पर्सिमन हे नारिंगी रंगाचं, टोमॅटोसारखं दिसणारं फळ. कवितेची सुरुवात सहावीच्या वर्गात होते. स्थलांतरित मुलाला ‘पर्सिमन’ आणि ‘प्रिसिजन’ म्हणजे अचूकपणा या दोन शब्दांतला फरक सांगता येत नाही. बाई डोक्यात टपली मारतात आणि त्याला कोपऱ्यात उभं करतात. इथपर्यंतची गोष्ट आपल्यापैकी कितीतरी जणांना ओळखीची वाटेल. गावाकडच्या मराठी शाळेतून शहरातल्या इंग्रजी वर्गात गेलेल्या मुलांनी असे कोपरे पाहिलेले आहेत.

पण ली तिथे तक्रार करत बसत नाहीत. पुढच्याच ओळीत ते पर्सिमन कसं निवडायचं ते सांगू लागतात. पिकलेलं फळ मऊ असतं, सालीवर तपकिरी ठिपके असतात. खालच्या बाजूने वास घेऊन बघा, जे गोड असेल ते सुवासिक असेल. सुरी बाजूला ठेवा, वर्तमानपत्र पसरा, साल हळुवार सोला, देह फाटू देऊ नका. म्हणजे ज्या मुलाला अचूकपणा हा शब्द येत नव्हता, त्याला तो हातांनी येत होता.

मग बाई वर्गात एक पर्सिमन घेऊन येतात आणि सगळ्यांना ‘चिनी सफरचंदा’ची चव मिळावी म्हणून कापून वाटतात. फळ कच्चं आहे हे मुलाला दिसतं. तो खात नाही, नुसता इतरांचे चेहरे बघत राहतो. कच्चं पर्सिमन तोंडात घातलं की जीभ आणि टाळा आवळून येतो इतकं ते तुरट असतं. कवीने हे समजावून सांगितलेलं नाही. चेहरे बघत राहिलो, एवढंच म्हणून तो पुढे जातो. शिक्षा करणाऱ्या बाईंनाच अचूकपणा ठाऊक नव्हता, हे वाचणाऱ्याने ओळखायचं. सूड म्हणावा तर इतका निःशब्द सूड मी दुसऱ्या कवितेत वाचलेला नाही.

एवढ्यावर कविता थांबली असती तरी ती पाठ्यपुस्तकांत गेली असती. पण ती पुढे जाते आणि खरी मोठी होते. मुलगा आता मोठा झाला आहे, वडिलांची दृष्टी गेली आहे. आईवडिलांच्या घराच्या तळघरात काहीतरी शोधत असताना त्याला एका पेटीत गुंडाळून ठेवलेली तीन चित्रं सापडतात. वडिलांनीच कधीतरी काढलेली. एकावर जास्वंदीचं पान आणि पांढरं फूल, एकावर अंग चाटत बसलेल्या दोन मांजरी, आणि एकावर दोन पर्सिमन, इतकी भरलेली की कापडावरून खाली पडतील असं वाटावं. आंधळे वडील कापडाला हात लावून विचारतात, हे कोणतं? मुलगा सांगतो, पर्सिमन. मग वडील बोलू लागतात ते कुंचल्याचा रेशमावर होणारा स्पर्श, मनगटातली ताकद आणि तिथला तो ताणलेला अचूकपणा यांविषयी. डोळे मिटून शेकडो वेळा काढली होती ही, आणि ही तर आंधळा झाल्यावर काढली, असं ते सांगतात.

वर्गात ज्या दोन शब्दांवरून मार बसला होता ते दोन्ही वडिलांच्या हातात असे एकत्र येतात. कवितेच्या मध्ये प्रेयसीबरोबरचा एक प्रसंगही आहे. तिला चिनी शब्द शिकवताना त्याच्या लक्षात येतं की दव, नग्न हे शब्द आपणच विसरलो आहोत. ‘तू’ आणि ‘मी’ तेवढे आठवतात. स्थलांतराने नेमकं काय जातं ते सांगायला अख्खा निबंध लिहावा लागला असता, इथे ते चार-पाच ओळींत झालं आहे.

हे फळ आपल्याकडे मिळतं का?

हिमाचल आणि काश्मीरकडून येतं, बाजारात ‘जपानी फळ’ किंवा ‘रामफळ’ अशा नावाने दिसतं. आपल्याकडचं रामफळ वेगळं, तेव्हा घोटाळा करू नका. पण महाराष्ट्राशी याचं खरं नातं आहे. ज्याच्या पानांच्या विड्या वळतात तो तेंदू, म्हणजे टेंभुर्णी, हे झाड पर्सिमनच्याच कुळातलं, त्याच प्रजातीगटातलं. विदर्भात ज्यांनी रानातली टेंभरं खाल्ली आहेत त्यांना कच्चेपणीचा तो तुरटपणा आणि पिकल्यावरची गोडी वेगळी सांगायला नको. त्यांना ही कविता बाकीच्यांपेक्षा आधी कळेल.

‘द गिफ्ट’मध्ये नेमकं काय घडतं?

सात वर्षांच्या मुलाच्या तळहातात धातूची कुसळ घुसली आहे. वडील हलक्या आवाजात गोष्ट सांगू लागतात. मुलगा त्यांच्या चेहऱ्याकडे बघत राहतो, हातातल्या पात्याकडे त्याचं लक्ष जात नाही. गोष्ट संपायच्या आत कुसळ निघालेली असते. आता ती गोष्ट आठवत नाही, आवाज मात्र अजून ऐकू येतो.

मग काळ बदलतो. तोच मुलगा आता नवरा आहे आणि बायकोच्या अंगठ्यातली कुसळ काढतो आहे, तिला दुखणार नाही इतक्या जपून. वडिलांनी आपल्याला काय दिलं, ते त्याच्या हाताला माहीत आहे. शेवटी कविता पुन्हा सात वर्षांच्या मुलाकडे जाते. वडिलांनी ती कुसळ त्याच्या हातावर ठेवली तेव्हा त्याने तिला मोठमोठी नावं दिली नाहीत, मरण येऊन गेलं म्हणून आकांत केला नाही. काही जपायला दिलं की लहान मूल जे करतं ते त्याने केलं, वडिलांचा मुका घेतला.

या कवितेत एक ओळ अशी आहे जी घाईत वाचणाऱ्यांच्या नजरेतून सुटते. वडिलांचे हात गालावर मायेने ठेवले जायचे, आणि तेच हात शिस्तीच्या ज्वाळांसारखे डोक्यावर उगारलेही जायचे. दोन्ही एकाच वाक्यात.

म्हणजे वडील मारायचे?

हो, आणि ली ते लपवत नाहीत. ‘निमॉनिक’ या कवितेत तर सरळच येतं की वडिलांचं माझ्यावर प्रेम होतं म्हणून ते मला मारत, मारताना त्यांनाच त्रास होई, आणि ते रोज मारत. त्याच कवितेत वडिलांनी थंडीत पांघरायला दिलेला निळा स्वेटरही आहे.

आपल्या पिढीतल्या अनेकांना हे वाचून गलबलून येतं. कडक वडिलांवर प्रेम कसं करायचं, आणि प्रेम केलं म्हणून खोटं कसं बोलायचं नाही, हा प्रश्न ली यांनी आयुष्यभर सोडलेला नाही. त्यांनी वडिलांचा देव केला असं काही वाचकांना वाटतं. मला तसं वाटत नाही. देवाच्या हाताला घाम येत नाही, ली यांच्या वडिलांच्या हाताला येतो.

‘अ स्टोरी’ ही कविता याच धाग्याची पुढची गाठ आहे. आता कवी स्वतः बाप आहे. पाच वर्षांचा मुलगा मांडीवर बसून गोष्ट सांगा म्हणून हट्ट करतो आणि पुस्तकांनी भरलेल्या खोलीत बापाला एकही नवी गोष्ट आठवत नाही. त्याच क्षणी त्याला पुढचा तो दिवस दिसतो, मुलगा बॅग भरून निघालेला. लहान मूल घरात असेल तर ही कविता रात्री उशिरा वाचू नका, झोप लागणार नाही.

आणि आई?

आईच्या कविता संख्येने कमी आहेत, पण ‘आय आस्क माय मदर टू सिंग’ ही माझ्या मते त्यांच्या सर्वांत नितळ कवितांपैकी एक. आई गाऊ लागते, आजी साथ देते. वडील असते तर त्यांनी ॲकॉर्डियन वाजवलं असतं. गाणं बीजिंगमधल्या उन्हाळी राजवाड्याचं, तिथल्या कुनमिंग तलावाचं आणि दगडी नौकेचं आहे. कवीने यातलं काहीच पाहिलेलं नाही. पण गाण्यातली कमळं पावसाच्या पाण्याने भरून कलंडतात, पाणी पाण्यात सांडतं आणि ती परत वर येऊन भरू लागतात, हे ऐकायला त्याला आवडतं. दोघी रडू लागतात. गाणं मात्र थांबवत नाहीत.

कधी न पाहिलेल्या गावाची ओढ गाण्यातून कशी येते, हे माहेरच्या ओव्या ऐकत मोठं झालेल्या कुणालाही सांगायला नको. घर सोडून आलेल्यांच्या पुढच्या पिढीचं दुःख हेच आहे की त्यांना आठवणसुद्धा उसनी घ्यावी लागते, आणि या चौदा ओळींत ते दुःख एकदाही नाव न घेता येतं.

त्यांच्या कवितेत इतकं खाणं का असतं?

कारण जेवताना घरातलं कोण आहे आणि कोण नाही ते कळतं. ‘ईटिंग टुगेदर’ बघा. भांड्यात ट्राउट मासा वाफवायला ठेवला आहे, त्यावर आल्याचे काप, कांद्याची पात, तिळाचं तेल. भाऊ, बहीण, आई भाताबरोबर खाणार आहेत. माशाच्या डोक्यातला सर्वांत गोड भाग आई बोटांत धरून खाईल, काही आठवड्यांपूर्वी वडील खात तसाच. एवढ्या एका तपशिलावरून कळतं की घरातला कर्ता माणूस गेला आणि मानाचा घास आता आईकडे आला. आपल्याकडच्या मासे खाणाऱ्या घरांत डोकं कुणाच्या ताटात जातं हे ठरलेलं असतं, तेव्हा कोकणातल्या, गोव्यातल्या वाचकाला इथे टीप लागत नाही.

‘ईटिंग अलोन’ त्याच्या शेजारीच ठेवून वाचा. बागेतला शेवटचा कांदा उपटून आणला आहे, कोळंबी तिळाच्या तेलात आणि लसणात शिजते आहे, आणि ताटात सोबतीला एकटेपण आहे.

स्थलांतरावर त्यांनी थेट काही लिहिलंय का?

लिहिलं आहे, आणि ते मऊ नाही. ‘द सिटी इन व्हिच आय लव्ह यू’मधली ‘द क्लीव्हिंग’ ही दीर्घ कविता शिकागोच्या चायनाटाउनमधल्या एका दुकानात सुरू होते. बदकं टांगलेली आहेत, खाटीक सुऱ्याने बदक तोडतो आहे आणि त्याचा चेहरा कवीला आपलाच वाटतो. तिथून कविता खाणं, मरण, वंश यांत खोल शिरते. एमर्सन यांच्यासारख्या थोर अमेरिकी लेखकाने चिनी वंशाच्या चेहऱ्याविषयी अत्यंत तुच्छतेने लिहून ठेवलं होतं. ली ते शब्द कवितेत घेतात आणि तो वंश, तो चेहरा, एमर्सनसकट सगळंच गिळून त्याचं गाणं करतो म्हणतात. शेवटी त्या एका खाटकाच्या चेहऱ्यात त्यांना ज्यू, कंबोडियन, व्हिएतनामी असे कितीतरी चेहरे दिसतात.

२००८च्या ‘बिहाइंड माय आइज’मध्ये ‘सेल्फ-हेल्प फॉर फेलो रेफ्युजीज’ ही कविता आहे. निर्वासितांना सल्ला देण्याचा तिचा सूर. साधे कपडे घाला, मोठ्याने बोलू नका. आणि मग लगेच, सशस्त्र माणसं वडिलांना मारत ओढत ट्रकमध्ये घालताना तुम्ही पाहिलं असेल आणि आईने तुमचं तोंड पदरात लपवलं असेल, तर आईला फार दोष देऊ नका. ‘पदर’ हा माझा शब्द, कवितेत झग्याच्या चुण्या आहेत. याच संग्रहातली ‘इमिग्रंट ब्लूज’ही जोडीने वाचावी. तिची सुरुवातच एका बापाने मुलाला दिलेल्या कारणाने होते. दुसरी भाषा का शिकायची, तर जन्मापासून लोक मला ठार मारायला बघताहेत म्हणून.

त्यांच्यावर चिनी परंपरेचा परिणाम जास्त की बायबलचा?

दोन्ही घरातूनच आले, तेव्हा ते वेगळे काढण्यात फारसा अर्थ नाही. ‘द सिटी इन व्हिच आय लव्ह यू’ या शीर्षककवितेच्या माथ्यावर बायबलमधल्या ‘गीतरत्ना’तलं वचन आहे, प्रियाला शोधत शहराच्या रस्त्यांतून फिरण्याचं. पाद्र्याच्या घरात वाढलेल्या मुलाला ही भाषा अंगवळणी पडलेली होती. दुसरीकडे तांग कवींसारखा एखादा तपशील शांतपणे समोर ठेवून गप्प राहण्याची रीतही आहे. अमेरिकी कवितेतून एकोणिसाव्या शतकातल्या वॉल्ट व्हिटमनची लांब श्वासाची ओळही त्यांनी उचलली आहे. २०२४ साली त्यांनी युन वांग यांच्यासोबत ‘ताओ ते चिंग’ या प्राचीन चिनी तत्त्वग्रंथाचा इंग्रजी अनुवाद प्रसिद्ध केला.

ते स्वतःला आशियाई-अमेरिकी कवी म्हणवतात का?

हे लेबल त्यांना कधी मनापासून रुचलं नाही. कवितेचा संवाद अखेर विश्वाशी, ईश्वराशी असतो, असं ते मुलाखतींतून वारंवार सांगतात. अभ्यासकांतही यावर वाद झाला आहे. त्यांच्या कवितेतली प्रत्येक खास गोष्ट चिनी वंशाच्या खात्यावर टाकली तर कवितेची कारागिरी दिसेनाशी होते, असा आक्षेप झोऊ शियाओजिंग यांच्यासारख्या समीक्षकांनी नव्वदच्या दशकातच घेतला होता. मला तो पटतो. त्याचबरोबर चायनाटाउनच्या खाटकाला विसरून नुसतं विश्वाबद्दल बोलणंही मला बरोबर वाटत नाही.

पुढचे संग्रह कठीण का वाटतात?

२००१च्या ‘बुक ऑफ माय नाइट्स’पासून गोष्ट मागे पडते. झोप न येणारा माणूस, आईचा आवाज, उशी, वारा, पक्षी, आणि उत्तर नसलेले प्रश्न. २०१८च्या ‘द अनड्रेसिंग’मध्ये प्रेयसी आणि ईश्वर एकमेकांत मिसळतात, आणि २०२४चा ‘द इन्व्हेन्शन ऑफ द डार्लिंग’ त्याच वाटेने जातो. ‘रोझ’ आवडलेल्या वाचकाला इथे हाताला धरायला कमी मिळतं. माझा कौल पहिल्या दोन संग्रहांनाच आहे. तरी ‘बुक ऑफ माय नाइट्स’ रोज एक कविता या हिशेबाने वाचून बघा. सलग वाचलं तर सगळ्या कविता एकसारख्या वाटू लागतात.

गद्य पुस्तक कोणतं?

१९९५चं ‘द विंग्ड सीड’. कुटुंबाच्या पळापळीची हकिगत क्रमाने सांगितलेली मिळेल या अपेक्षेने घेऊ नका. सुरुवातच स्वप्नाने होते. वारलेले वडील, पुरताना घातलेल्याच कपड्यांत, खिशांत काळ्या बिया भरून परत येतात. तुरुंग, जकार्ता, पेनसिल्वेनिया हे सगळं तुकड्यातुकड्यांनी येतं. कविता वाचून झाल्यावर हातात घ्यावं.

पुरस्कार?

‘रोझ’ला न्यूयॉर्क विद्यापीठाचा डेलमोर श्वार्ट्‌झ पुरस्कार, १९८८मध्ये व्हायटिंग पुरस्कार, दुसऱ्या संग्रहाची १९९०च्या लॅमाँट सन्मानासाठी निवड, ‘द विंग्ड सीड’ला अमेरिकन बुक अवॉर्ड, ‘बुक ऑफ माय नाइट्स’ला विल्यम कार्लोस विल्यम्स पुरस्कार आणि २०२४मध्ये जीवनगौरवासारखा मानला जाणारा रूथ लिली काव्यपुरस्कार.

मुलांना वाचायला देता येतील का?

‘द गिफ्ट’, ‘फ्रॉम ब्लॉसम्स’, ‘आय आस्क माय मदर टू सिंग’ सातवी-आठवीच्या मुलांना खुशाल द्या. ‘फ्रॉम ब्लॉसम्स’मध्ये रस्त्याच्या वळणावर एका मुलाकडून कागदी पिशवीतून घेतलेले पीच आहेत, धुळीसकट खाल्लेले, आणि काही दिवस असे जगतो की मरण आसपासच नाही, असा आनंद आहे. ‘पर्सिमन्स’मध्ये शृंगाराच्या काही ओळी आहेत, म्हणून ती नववी-दहावीनंतर, आणि शक्यतो सोबत बसून. परदेशात वाढणाऱ्या मराठी मुलांबरोबर वाचलीत तर त्यांना विचारा, तुमच्या वर्गात असं कधी झालं का. मुलं बोलू लागतात.

त्यांचं वाचन ऐकायला मिळतं का?

मिळतं, आणि जरूर ऐका. अमेरिकी काव्यसंस्थांच्या संकेतस्थळांवर त्यांची ध्वनिमुद्रणं आहेत. ‘बिहाइंड माय आइज’ या पुस्तकासोबत तर त्यांच्या आवाजातली सीडीच आली होती. ते सावकाश वाचतात, ओळीच्या शेवटी थांबतात. कागदावर सपाट वाटलेल्या ओळी त्या थांबण्याने उभ्या राहतात.

ली यांच्यानंतर कुणाला वाचावं?

कवयित्री मॅरिलिन चिन. जन्म हाँगकाँगचा, वाढल्या ओरेगन राज्यात. वडिलांनी मॅरिलिन मन्रोवरून त्यांचं नाव बदललं, त्यावरची त्यांची कविता धारदार आहे आणि ली यांच्या मृदू आवाजानंतर झोपेतून जागं करते. दुसरे कवी हा जिन (‘हा’ हे नावातलंच). ते चीनच्या सैन्यात होते, १९८५मध्ये शिकायला अमेरिकेत आले आणि १९८९च्या तियानानमेन हत्याकांडानंतर तिथेच राहिले. त्यांच्या सुरुवातीच्या कविता सैनिकांच्या तोंडून बोलतात.

आणि या सगळ्यांच्या आधीचे, बहुतेक नावं नसलेले कवी वाचायचे असतील तर सॅन फ्रान्सिस्कोच्या उपसागरातल्या एंजल आयलंडकडे वळा. १९१० ते १९४० या काळात तिथे चिनी प्रवाशांना चौकशीसाठी आठवडेच्या आठवडे, कधी महिनोन्‌महिने डांबून ठेवत. त्यांनी लाकडी भिंतींवर चिनीत कविता कोरल्या. इमारत पाडायची ठरली असताना १९७० साली एका वनरक्षकाचं त्या भिंतींकडे लक्ष गेलं आणि त्या कविता नष्ट होण्यापासून बचावल्या. आता तिथे संग्रहालय आहे, फेरीबोटीने जाता येतं, आणि त्या कवितांचे इंग्रजी अनुवाद पुस्तकरूपाने मिळतात.